शून्याच्या वर्षीचा हंस

पूर्वी हिमवंताच्या पायथ्याशी हंसोदक नावाच्या नगरात विजितसेन राजा राज्य करीत असताना बोधिसत्त्व हंसांच्या कुळात जन्मला होता आणि मोठ्या थव्याचा राजा झाला होता. त्या काळी पशुपक्षी माणसांशी बोलत असत. माणसे ऐकून घेत असत की नाही, ते पुढे कळेलच.

हंसोदकाची एक जुनी रीत होती. शरद ऋतूत हिमवंतावरून हंस खाली येत आणि नगराच्या तळ्यात उतरत. आश्विनी पौर्णिमेच्या सकाळी, सूर्य पूर्वेच्या डोंगरावर पुरता येईपर्यंत जेवढे हंस पाण्यावर उतरतील, तेवढा त्या वर्षाचा आकडा. त्या नगरात वर्षाला नाव नसे, हा आकडाच असे. नवी ओळख झाली की लोक आधी विचारीत, "तू कितीचा?" कोणी म्हणे पंच्याऐंशीचा, कोणी म्हणे ब्याण्णवचा. ब्याण्णवची माणसे खादाड असतात, सत्तरच्या बायका हट्टी असतात, असे काहीबाही थट्टेने बोलले जाई. थट्टेपलीकडे त्याला कोणी किंमत देत नसे.

मोजणीच्या वेळी घाटावर एक म्हातारा डफली घेऊन बसे. हंस उतरला की तो हलकीशी थाप मारी. पुढे मागल्या आळीतले लोक कुरकुरू लागले, की आम्हाला काही ऐकू येत नाही. तेव्हा राजाने डफलीच्या जागी मोठा ढोल आणवला. त्या वर्षी चौतीसच हंस उतरले. लोक हळहळले. आपला मान कमी पडला असेल, असे म्हणून त्यांनी दुप्पट मोठा ढोल केला, आणि हंस उतरण्याची वाट न पाहता पहाटेपासूनच तो वाजवायला लागले. त्या वर्षी एकवीस उतरले. त्याच्या पुढल्या वर्षी तेरा.

राजाच्या पदरी विश्रुत नावाचा ज्योतिषी होता. माणूस बुद्धिमान होता, मनाने वाईट मुळीच नव्हता, पण एकदा बोललेले मागे घेणे त्याला कधी जमले नाही. तो भरसभेत उभा राहिला आणि म्हणाला, "महाराज, हे आकडे एका सूत्रात ओवलेले आहेत. चौतीसातून एकवीस वजा करा, तेरा येतात. म्हणजे एकवीसातून तेरा वजा केले की पुढचा आकडा मिळेल. येत्या वर्षी आठ हंस उतरतील."

आणि खरोखर आठ उतरले. झाले! साऱ्या नगराने तोंडात बोटे घातली. पुढे पाच, मग तीन, मग दोन. विश्रुताने आधी सांगायचे आणि तसेच घडायचे. मग एक आला, आणि सूत्राप्रमाणे दोनातून एक वजा जाऊन पुन्हा एक आला. आता एकातून एक गेल्यावर काय उरते, हे हंसोदकातल्या शेंबड्या पोरालाही सांगता येत होते.

थट्टा केव्हाच संपली होती. तीनच्या आणि दोनच्या मुलांना कोणी आपल्या अंगणात खेळू देईना. एकच्या बाळांच्या बारशाला तर शेजारीसुद्धा गेले नाहीत. शून्याचे वर्ष जवळ आले तेव्हा राजाने विश्रुताला बोलावून उपाय विचारला. विश्रुत खाली मान घालून म्हणाला, "शून्याच्या वर्षी जे मूल पहिले जन्मेल, ते आपल्याबरोबर नगराचेही शून्य करील. त्याला जन्मताच होडीत घालून तळ्यात सोडावे. शून्य त्याच्यापाशीच संपेल." राजाच्या डोळ्यांत पाणी आले, पण त्याने मान डोलावली. घाबरलेला माणूस कशालाही मान डोलावतो.

नगरात मेखला नावाची एक बाई होती. ती लव्हाळ्याच्या चटया विणीत असे. तिचा नवरा नंदिक हाच मोजणीचा मोठा ढोल वाजवणारा. बरीच वर्षे वाट पाहिल्यावर मेखलेला दिवस गेले होते आणि ते आता पुरते भरले होते. सुईण म्हणाली, "पोरी, पौर्णिमेच्या आधी मोकळी झालीस तर मूल एकचे. नंतर झालीस तर..." सगळ्या नगरात बाळंतपण एवढे जवळ आलेली दुसरी बाई नव्हती.

चढ चढले की कळा लवकर सुरू होतात, असे मेखलेला कोणीतरी सांगितले होते. ती सत्तरची होती, हट्टी होती. पौर्णिमेच्या आदल्या दुपारी ती एकटीच धापा टाकीत डोंगर चढली. वर पोचली तरी कळांचा पत्ता नव्हता. डोंगराच्या पलीकडे एक दलदलीचे पाणथळ होते. तिथे कोणी जात नसे. ती त्याच्या काठावर बसली आणि हमसून हमसून रडू लागली.

"बाई, कुठे दुखते आहे का?" कोणीतरी विचारले.

"दुखत नाही म्हणूनच रडते आहे," मेखला म्हणाली आणि तिने वर पाहिले. समोर एक पांढराशुभ्र हंस उभा होता. तोच बोधिसत्त्व. त्याच्या मागे सारे पाणथळ हंसांनी भरून गेले होते.

मेखलेने डोळे पुसले. आधी तिला आश्चर्य वाटले आणि मग संताप आला. "इतके सगळे इथे बसला आहात? आणि तिकडे आम्ही एकेका हंसासाठी जीव टाकतो आहोत! काय असा गुन्हा केला आम्ही, की खाली यायचेसुद्धा बंद केलेत?"

थव्यात पांडुरा नावाची एक म्हातारी हंसी होती. ती बोधिसत्त्वाची आत्या. तिच्या जिभेला हाड नव्हते. ती मान ताठ करून पुढे आली. "आता गं बाई! आम्ही यायचे बंद केले? तुम्ही येऊ देता तर ना! डोंगर ओलांडला नाही तोच तो तुमचा ढोल सुरू. काळीज नुसते लटलटते. म्हटले, नको झालो असू यांना. हाकलून दिल्यावर त्याच दारात परत जायचे म्हणजे काय? मानपान काय माणसांनाच असतो?"

मेखला तोंड उघडे टाकून पाहत राहिली. "हाकलायला नाही हो, आजी," ती हळूच म्हणाली. "तुम्ही यावे म्हणून वाजवतो आम्ही. तुम्ही कमी आलात की आम्ही आणखी मोठा ढोल करतो."

"यावे म्हणून?" पांडुरेने मागे वळून साऱ्या थव्याकडे पाहिले. "ऐकलेत का गं? हे बोलावणे होते म्हणे!"

मेखलेला रडता रडता हसू फुटले, आणि हसता हसता पुन्हा रडू आले. "पण गेली दोन वर्षे एक जण येत होता," ती म्हणाली.

"तो आमचा कर्णक," पांडुरा म्हणाली. तिचा आवाज मऊ झाला. "ठार बहिरा होता बिचारा. तो ढोल बडवणारा माणूस हात वरखाली करताना दिसला की त्याला वाटे, आपण आलो म्हणून लोक नाचताहेत. मोठ्या खुशीत उतरायचा. या उन्हाळ्यात गेला तो."

मेखलेने मग सगळे सांगितले. विश्रुताचे सूत्र, शून्याचे वर्ष, पहिले मूल, होडी. बोधिसत्त्वाने शांतपणे ऐकले आणि विचारले, "हंस ढोलाला भितात, एवढे खाली जाऊन सांगता येणार नाही का?"

"कोण ऐकेल माझे? पोटात मूल आहे म्हणून काहीतरी रचून सांगते आहे, असेच म्हणतील. आणि ढोल माझाच नवरा वाजवतो. मोजणी पुरी होण्याआधी ढोल थांबवला तर ढोलियाचे हात तोडतात. त्याला सांगून मी त्याचे हात घालवू की न सांगून लेकरू घालवू?" ती थांबली. "काल म्हणत होता, यंदा असा वाजवीन, असा वाजवीन, की कुठेतरी एखादा हंस ऐकेल आणि आपल्या बाळासाठी येईल."

बोधिसत्त्वाच्या मनात आले, हा बाप आपल्या लेकराचे दैव आपल्याच हातांनी हुसकावतो आहे, आणि तेही मायेपोटी. याच्याएवढे मोठे दुःख दुसरे कोणते असेल? तो मेखलेला म्हणाला, "घरी जा, बाई. उतार आहे, जपून जा. उद्या मी येईन."

ती गेल्यावर पांडुरेने त्याला चांगलेच फैलावर घेतले. "अरे, वेड लागले आहे का तुला? दक्षिणेला कमळांनी भरलेली तळी पडली आहेत. तिथे कोणी बडवत नाही, कोणी मोजत नाही. चल, आत्ताच निघू. त्या ढोलाखाली छाती फुटेल तुझी. आणि तिथे धनुर्धारी असतात."

"आत्या, जाऊ की दक्षिणेला. पण आपण गेलो नाही म्हणून इथे एक मूल मेले, हे ठाऊक असताना तिथला घास तुझ्या घशाखाली उतरेल का?"

पांडुरेने मान पंखात खुपसली. तिला लहान पिलांची फार माया होती.

"मी एकटाच उतरतो," बोधिसत्त्व म्हणाला. "तुम्ही डोंगराच्या आड थांबा. ढोल थांबला तर या. सूर्य वर आला तरी थांबला नाही, तर सगळ्यांना घेऊन तू दक्षिणेला जा. माझी वाट पाहू नको."

पौर्णिमेची सकाळ झाली. सारे नगर घाटावर लोटले होते. राजा वरच्या पायरीवर बसला होता. खालच्या पायरीला एक नवी होडी बांधून ठेवली होती. मेखला बायकांच्या गराड्यात उभी होती. डोंगर चढून ज्या कळा आल्या नाहीत, त्या नेमक्या पहाटे सुरू झाल्या होत्या. ओठ घट्ट दाबून ती आकाशाकडे पाहत होती. आणि नंदिक ढोल वाजवीत होता. त्याच्या तळहातांतून रक्त येत होते, तरी तो वाजवीत होता. त्या आवाजाने घाटाच्या पायऱ्या हादरत होत्या.

तेवढ्यात डोंगरावरून एक पांढरा ठिपका खाली येताना दिसला. ढोलाचा एकेक ठोका हंसाच्या छातीवर आदळत होता. त्याचे पंख थरथरत होते. दोनदा तो मागे ढकलल्यासारखा झाला, पण वळला नाही. शेवटी तो पाण्याला टेकला आणि तळ्याच्या मधोमध स्थिर बसून राहिला.

"एक!" कोणीतरी ओरडले. "एक आला! शून्य नाही, एक!" बायका रडायला लागल्या. मेखलेने शेजारणीचा खांदा घट्ट धरला.

फक्त विश्रुताचा चेहरा पांढराफटक पडला. "थांबा!" तो म्हणाला. "सूर्य अजून पुरता वर आलेला नाही. मोजणी पुरी होण्याआधी जो उडून जाईल तो मोजायचा नसतो. नंदिका, वाजव! आणखी जोरात!" ज्योतिषाचा शब्द म्हणजे राजाज्ञाच. नंदिकाने पुन्हा हात उचलले. एवढा आवाज त्या घाटावर कधीच झाला नव्हता. हंस हलला नाही.

तेव्हा विश्रुत राजाकडे धावला. "महाराज, आकड्यांनी शून्य सांगितले आहे. आज सूत्र मोडले तर एका मुलावर भागणार नाही, सारे नगर जाईल. तो हंस मारलाच पाहिजे." राजाने सुटकेच्या आशेने हंसाकडे पाहिले, मग भीतीने विश्रुताकडे पाहिले. सवयीने भीती जिंकली. त्याने हात वर केला आणि धनुर्धाऱ्याने बाण लावला.

तेव्हा हंस बोलला. तो ओरडला नाही, पण पाण्यावरून त्याचा आवाज ढोलियापर्यंत स्वच्छ पोचला.

"नंदिका, तू हा ढोल कोणासाठी वाजवतोस रे?"

"माझ्या लेकरासाठी!" नंदिक वाजवता वाजवताच ओरडला. "आणखी हंस यावेत म्हणून!"

"ते आले आहेत. त्या डोंगराच्या आडच बसले आहेत. ते तुझ्या ढोलाला भितात, बाबा. सारी वर्षे भीतच होते. मीसुद्धा आत्ता भितो आहे."

नंदिकाने मेखलेकडे पाहिले. तिने होकारार्थी मान हलवली. मग त्याने आपल्या दोन्ही हातांकडे पाहिले. मोजणी पुरी होण्याआधी ढोल थांबला तर हे हात राहणार नव्हते, हे त्याला पक्के ठाऊक होते. त्याने ते ढोलावरून उचलले आणि खाली सोडले.

ढोल थांबला.

कित्येक वर्षांनी त्या घाटावर आश्विनी पौर्णिमेच्या सकाळी शांतता पसरली. पायरीला लागणारे पाणी ऐकू येऊ लागले. कोणाचे तरी तान्हे बाळ उसासले, तेही ऐकू आले. धनुर्धाऱ्याचा बाण तसाच राहिला. राजा काही बोलणार, एवढ्यात डोंगरामागून पंखांची सळसळ ऐकू आली.

सगळ्यांत पुढे पांडुरा होती. तिच्यामागे हंसच हंस होते. आधी लोक बोटांवर मोजू लागले, मग दहा-दहा करून मोजू लागले, मग एकमेकांना विचारू लागले, मग त्यांनी नाद सोडून दिला आणि नुसते हसत, डोळे पुसत उभे राहिले. सारे तळे पांढरे झाले. नगराचा जीव भांड्यात पडला तो असा.

"विश्रुता, किती आहेत?" राजाने विचारले. त्याचा आवाज लहान मुलासारखा झाला होता.

विश्रुत पायरीवर मटकन बसला होता. "मोजता येत नाहीत, महाराज," तो म्हणाला. "चुकले. सूत्र चुकले!" आणि तो दोन्ही हातांनी तोंड झाकून रडू लागला. लोकांना वाटले, मान गेला म्हणून रडतो आहे. पण थोड्या वेळाने कळले, की तो आनंदाने रडत होता. इतकी वर्षे त्याच्या छातीवर जो धोंडा होता तो आज उतरला होता. त्याने स्वतःहूनच सांगून टाकले, "आठच्या वर्षी नववा हंस होता. काठच्या लव्हाळ्यात बसला होता, मी पाहिला होता. मी मनाशी म्हटले, हा काठावर आहे, पाण्यावर नाही, हा धरायचा नाही. आणि पुढे दरवर्षी काही ना काही कारण सापडतच गेले. होडी बांधायला लावली त्या दिवसापासून माझ्या डोळ्याला डोळा लागलेला नाही."

राजा रागाने लाल झाला. "होडी तयारच आहे," तो म्हणाला. "ह्यालाच तीत बसवा आणि सोडून द्या..."

"महाराज," बोधिसत्त्व मध्येच म्हणाला, "तो भ्याला होता. तुम्हीही भ्यालात, आम्हीही भ्यालो. भीतीबद्दल होडीत बसवायचे ठरले तर इथे काठावर कोण उरेल?"

राजाला हसू आले. त्याचा राग तिथेच ओसरला. त्याने विश्रुताला क्षमा केली आणि नंदिकाच्या हातांना स्वतः औषध लावले. मग तो हंसाला म्हणाला, "तू माग. सोन्याचा घाट बांधून देतो, हे तळे तुझ्या नावाने करून देतो." बोधिसत्त्व म्हणाला, "सोन्याच्या घाटावर आमचे पाय घसरतील. दोनच गोष्टी द्या. ज्या मुलांच्या बारशाला कोणी गेले नाही, त्यांच्या बारशाला आता जा. आणि तो ढोल पुन्हा वाजवू नका."

एवढ्यात बायकांच्या गराड्यातून रडण्याचा खणखणीत आवाज आला. मेखलेला घाटावरच मुलगी झाली होती. सुईणीने बाळ वर उचलून धरले, आणि सवयीने एका म्हातारीच्या तोंडून निघून गेले, "कितीची गं ही?"

सगळ्यांनी तळ्याकडे पाहिले. सगळे एकमेकांकडे पाहू लागले. कोणालाच सांगता येईना. मेखला दमली होती, तरी हसून म्हणाली, "ही कितीचीच नाही. ही माझी."

तिचे नाव अगणिता ठेवले. तिच्या बारशाला सारे नगर आले होते. होडी सोडून दिली ती मासे धरायला. आणि त्या मोठ्या ढोलाचे कातडे काढून त्याचे पोकळ खोड काठावर आडवे टाकले होते, त्यात पुढे पांडुरेने घरटे केले. तिथे तिने किती अंडी घातली, ते कोणी पाहायला गेले नाही.

ही कथा भगवान शास्त्याने एका विहारात सांगितली. तिथे एक तरुण भिक्षू घंटा वाजवायला नेमलेला होता. ध्यानाला कमी जण येतात असे पाहून तो रोज आणखी जोराने घंटा बडवी, आणि भिक्षू एकेक करून दूरच्या आमराईत जाऊन बसू लागले होते. "भिक्षूंनो, याने हे आजच केले असे नाही," असे म्हणून शास्त्याने हा जन्म उलगडून सांगितला आणि शेवटी तो म्हणाला, "त्या वेळचा नंदिक म्हणजे आजचा हा घंटा वाजवणारा. विश्रुत म्हणजे रोज किती जण आले हे त्याला सांगणारा त्याचा सोबती. पांडुरा म्हणजे तिथे मागे बसून हसू दाबणारी ती वृद्ध भिक्षुणी. मेखला म्हणजे विहाराला चटया देणारी उपासिका. आणि तो हंस मीच होतो. स्वतः भीत असतानाही जो भ्यालेल्यांच्या जवळ येऊन बसतो आणि उठून जात नाही, त्याच्या त्या बसण्याला मैत्री म्हणतात."

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या भिक्षूने घंटेला फक्त बोट लावले. आमराईतून भिक्षू परत आले. सोबत्याने विचारले, "किती आले रे?" तेव्हा तो म्हणाला, "बस ना, तूही बस."